गुडघा बदलायला पैसे आहेत, तपासायला वेळ नाही

मा. संपादक यांस,
स. न. वि. वि.

आपल्या दैनिकाच्या जिल्हा पुरवणीत गेले काही महिने गुडघेदुखीच्या जाहिराती जवळजवळ रोज दिसत आहेत. काही मोफत तपासणी शिबिरांच्या असतात, काही ‘ऑपरेशनशिवाय कायमची मुक्ती’ देणाऱ्या तेलांच्या आणि काढ्यांच्या असतात, आणि उरलेल्या ‘दुसऱ्या दिवशी चालू लागा’ असे सांगणाऱ्या शस्त्रक्रियांच्या असतात. या तिन्हींच्या मधली जी पायरी आहे, म्हणजे तज्ज्ञ डॉक्टरने रुग्णाला नीट तपासून दुखण्याचे निदान करणे आणि शस्त्रक्रियेच्या अलीकडचे उपचार पुरेसा काळ चालवणे, तिची जाहिरात कोणी करत नाही, कारण तिच्यात कोणाला फारसे पैसे सुटत नाहीत. हे पत्र त्या पायरीविषयी आहे.

सांगली जिल्ह्यातील ग्रामीण रुग्णालयांत औषधनिर्माता म्हणून नोकरी करून मी निवृत्त झालो. मी डॉक्टर नाही, त्यामुळे कोणाला उपचार सुचवण्याचा माझा अधिकार नाही. परंतु औषधांच्या खिडकीच्या आतल्या बाजूला उभे राहिले की केसपेपरवर काय लिहून येते आणि तोच माणूस काही आठवड्यांनी पुन्हा काय घेऊन येतो, हे दोन्ही दिसते. गुडघेदुखीच्या रुग्णांचे, विशेषतः भांगलणीला आणि ऊसतोडीला आयुष्य घातलेल्या बायकांचे, केसपेपर एकमेकांची नक्कल असावेत इतके सारखे असत: डायक्लोफेनॅक या वेदनाशामकाच्या गोळ्या, पित्ताची गोळी, कॅल्शियम आणि लावायला एक ट्यूब. कोणता गुडघा, किती वाकतो, सूज आहे की नाही, याची एक ओळही बहुतेक कागदांवर नसे. बाह्यरुग्ण विभागात सकाळच्या सत्रात ताप, खोकला, साप, विंचू, बाळंतपण असे सगळे एकाच डॉक्टरपुढे आलेले असताना म्हाताऱ्या बाईला कॉटवर झोपवून तिचा पाय वाकवून पाहायला त्याला उसंत कुठली? त्यामुळे दोष त्या डॉक्टरला देऊन प्रश्न सुटत नाही.

ज्या दुखण्याबद्दल मी लिहीत आहे ते म्हणजे अस्थिसंधिवात, डॉक्टरांच्या भाषेत ऑस्टिओआर्थ्रायटिस. जागतिक आरोग्य संघटनेच्या आकडेवारीनुसार २०१९ साली जगात सुमारे ५२ कोटी ८० लाख लोकांना हा विकार होता, त्यांतील सुमारे ३६ कोटी ५० लाखांचे दुखणे गुडघ्याचे होते आणि एकूण रुग्णांपैकी साठ टक्के स्त्रिया होत्या. वय, वाढलेले वजन, जुनी इजा, आईवडिलांकडून आलेली प्रवृत्ती आणि वर्षानुवर्षे गुडघे दुमडून केलेले काम ही त्याची ठाऊक असलेली कारणे आहेत. हाडांच्या टोकांवरचे गुळगुळीत आवरण, म्हणजे कूर्चा, विरळ होते, कडेने हाड वाढते, सांध्याचे आतले अस्तर अधूनमधून सुजते आणि भोवतालचे स्नायू दुबळे पडतात. ‘गुडघ्यातले वंगण संपले’ एवढ्यावर आपल्याकडे या सगळ्याची बोळवण केली जाते, आणि वंगण संपले असे एकदा मनाने घेतले की ते बाहेरून भरून देणाऱ्याची वाट माणूस पाहू लागतो.

आता तज्ज्ञाकडे गेल्यावर काय व्हायला हवे ते पाहू. या विकाराचे निदान मुख्यतः रुग्णाशी बोलून आणि त्याला हात लावून होते, ही गोष्ट सर्वसामान्यांना खरी वाटत नाही. ब्रिटनमध्ये उपचारांची राष्ट्रीय मार्गदर्शक तत्त्वे ठरवणाऱ्या ‘नाईस’ या संस्थेने ऑक्टोबर २०२२ मध्ये काढलेल्या सूचनांत म्हटले आहे की वय ४५ किंवा अधिक असेल, सांधा हालचालीने दुखत असेल आणि सकाळी उठल्यावर तो आखडत नसेल किंवा आखडलेपणा अर्ध्या तासाच्या आत सुटत असेल, तर एक्स-रे न काढताही अस्थिसंधिवाताचे निदान करावे. त्यासाठी मात्र डॉक्टरने हे प्रश्न विचारलेले असले पाहिजेत. पायऱ्या चढताना दुखते की उतरताना, रात्री झोपेतून जाग येते का, गुडघा अचानक अडकतो का, दुखणे मांडीकडे किंवा पोटरीकडे जाते का, हे सगळे विचारायला पाच मिनिटे लागतात आणि रुग्णाला चार पावले चालायला सांगून मग कॉटवर झोपवून पाहायला आणखी पाच.

ही दहा मिनिटे वाचवली की काय होते याचे एक उदाहरण आमच्या गल्लीतले आहे. साठीच्या पुढच्या एका शेजारीणबाईंचा उजवा गुडघा दुखत होता. एका शिबिरात त्यांचा झोपवून काढलेला एक्स-रे खिडकीच्या उजेडात धरून ‘दोन्ही गुडघे बदलावे लागतील’ असे सांगण्यात आले आणि लगेच तारीखही विचारली गेली. घरच्यांनी घाई केली नाही म्हणून त्या दुसऱ्या अस्थिरोगतज्ज्ञांकडे गेल्या. त्या डॉक्टरांनी त्यांना दारापर्यंत चालवले, कॉटवर उताणे झोपवले, गुडघा वाकवून पाहिला, आणि मग गुडघा व खुबा काटकोनात धरून पाऊल बाहेरच्या बाजूला फिरवले. त्याबरोबर बाई कळवळल्या, आणि ती कळ जांघेतून निघाली. दुखणे खुब्याचे होते आणि जाणवत होते गुडघ्यात. खुब्याच्या सांध्याचे दुखणे गुडघ्यात जाणवणे ही वैद्यकाच्या पुस्तकातली जुनी, सर्वमान्य गोष्ट आहे. कमरेच्या मणक्यात नस दबल्यानेही पाय असाच दुखू शकतो. ते शिबिर कोणाचे होते हे मी लिहीत नाही, कारण ते एकट्याचे वैशिष्ट्य नाही.

एक्स-रेबद्दल थोडे अधिक लिहिले पाहिजे, कारण आपल्या लोकांचा खरा विश्वास त्याच्यावरच असतो आणि पिशवीत जुन्या फिल्मची गुंडाळी घेऊनच रुग्ण घराबाहेर पडतो. गुडघ्याचा एक्स-रे उभे राहून, अंगाचे वजन पायावर घेऊन काढला तर दोन हाडांमधले अंतर खरोखर किती उरले आहे हे कळते, आणि झोपवून काढला तर तेच अंतर आहे त्याहून बरे दिसू शकते. तो उभ्याने काढावा असे चिठ्ठीवर लिहिण्याला एक पैसाही जास्त लागत नाही. ‘चौथी स्टेज’ हे शब्द आज खेडोपाडी पोचले आहेत. ती वर्गवारी केलग्रेन आणि लॉरेन्स या दोन ब्रिटिश डॉक्टरांनी १९५७ साली मांडली. शून्य ते चार अशा तिच्या पायऱ्या आहेत आणि त्या फक्त फिल्मवर काय दिसते ते सांगतात. फिल्म वाईट असूनही शेतात जाणारी माणसे असतात आणि फिल्म बरी असूनही रात्रभर तळमळणारी असतात. म्हणून स्टेजचा आकडा पाहून शस्त्रक्रिया ठरवणारा आणि रुग्णाला पाहून ठरवणारा, या दोघांत मी दुसऱ्याकडे जाईन. एमआरआयचेही तसेच आहे. पन्नाशीनंतर काहीही न दुखणाऱ्या कित्येकांच्या गुडघ्यांतही एमआरआयमध्ये गादी फाटलेली दिसते, तेव्हा त्या अहवालाचा कागद हातात आला म्हणजे दुखण्याचे मूळ सापडले असे होत नाही.

रक्ताच्या तपासण्या अस्थिसंधिवात सिद्ध करण्यासाठी नसतात, दुसरा काही आजार नाही ना हे पाहण्यासाठी असतात. इथे एक फरक वाचकांनी लक्षात ठेवावा असा आहे. सकाळी उठल्यावर बोटे आणि मनगटे तासभर आखडलेली राहतात, दोन्ही हातांचे छोटे सांधे सारखेच सुजतात, अशक्तपणा येतो, अशी लक्षणे असतील तर तो बहुधा झिजेचा विकार नसून ऱ्हुमॅटॉइड प्रकारचा संधिवात असतो. त्यात शरीराची प्रतिकारशक्तीच सांध्यांवर उलटते आणि तो ऐन तिशी-चाळिशीतही होतो. त्याच्यावर मेथोट्रेक्सेटसारखी औषधे सुरुवातीच्या काही महिन्यांत सुरू झाली तर सांधे वाचतात, आणि ती वेळ डायक्लोफेनॅक खाण्यात गेली तर बोटे कायमची वाकडी होतात. अशा रुग्णाने अस्थिरोगतज्ज्ञाकडे नव्हे, संधिवाततज्ज्ञाकडे, म्हणजे ऱ्हुमॅटॉलॉजिस्टकडे जायचे असते. असे तज्ज्ञ मोठ्या शहरांबाहेर थोडे आहेत, पण किमान कोणाकडे पाठवायचे हे गावच्या डॉक्टरने सांगितले तरी अर्धे काम होते. आणि एकच सांधा एकाएकी लाल, गरम होऊन सुजला व अंगात ताप असला, तर तो सांध्यात पू झाल्याचा प्रकार असू शकतो. त्याला त्याच दिवशी रुग्णालय गाठावे लागते.

माझ्या स्वतःच्या विषयाकडे, म्हणजे औषधांकडे येतो. अस्थिसंधिवात बरा करणारी, गेलेली कूर्चा परत आणणारी गोळी आजवर निघालेली नाही. ‘नाईस’च्या त्याच सूचनांत ग्लुकोसामाइन, म्हणजे सांध्यांसाठी म्हणून विकले जाणारे पूरक, देऊ नये असे स्पष्ट लिहिले आहे, तरी ते आपल्याकडे महिनोन्महिने विकले जाते आणि त्याचा खर्च घरातल्या दुधाच्या खर्चाइतका होतो. कॅल्शियम हाडांच्या ठिसूळपणासाठी असते, गुडघेदुखीशी त्याचा संबंध नाही. दुखणे कमी करण्यासाठी डायक्लोफेनॅकच्या जातीच्या गोळ्या उपयोगी पडतात, पण त्या कमीत कमी मात्रेत आणि कमीत कमी दिवस घ्यायच्या असतात. खिडकीवर मला सर्वांत जास्त काळजी ज्यांची वाटे, ते रुग्ण म्हणजे रक्तदाबाच्या दोन गोळ्या आधीच घेणारे. त्यांतली एक लघवी वाढवणारी आणि दुसरी एनालाप्रिल किंवा टेल्मिसार्टनच्या वर्गातली असली आणि त्यावर रोज डायक्लोफेनॅक सुरू झाले, तर हे तिघे मिळून मूत्रपिंडे निकामी करू शकतात. गुडघ्याच्या डॉक्टरला रक्तदाबाचा केसपेपर कोणी दाखवत नाही आणि रक्तदाबाच्या डॉक्टरला गुडघ्याच्या गोळ्या कोणी सांगत नाही. बाजारात वजनावर मिळणाऱ्या ‘वाताच्या पुड्यां’विषयी तर काय लिहावे! एका दिवसात आराम देणाऱ्या अशा पुड्यांत स्टिरॉइड मिसळलेले आढळल्याची प्रकरणे जुनी आहेत, आणि त्या खाऊन चेहरा सुजलेले, साखर वाढलेले रुग्ण मी पाहिले आहेत.

लावायची ट्यूब मात्र आपण फारच हलक्याने घेतो. गुडघ्याच्या अस्थिसंधिवातात पोटात घेण्याच्या गोळीच्या आधी त्वचेवर लावायचे औषध वापरून पाहावे अशी शिफारस आहे, कारण ते रक्तात फार थोडे उतरते आणि जठराला व मूत्रपिंडाला त्याचा त्रास बराच कमी होतो. परंतु त्याची मात्रा पाळावी लागते. एक टक्का डायक्लोफेनॅकच्या जेलची अमेरिकेतील मान्य मात्रा एका गुडघ्याला चार ग्रॅम, दिवसातून चार वेळा अशी आहे. या हिशेबाने तीस ग्रॅमची ट्यूब एका गुडघ्याला दोन दिवसही पुरत नाही, आणि आपल्याकडे तीच ट्यूब सासू, सून आणि सासऱ्यांची पाठ अशा तिघांत महिनाभर पुरवली जाते. मग ‘ट्यूबने काही होत नाही’ हे आलेच. आपल्याला किती लावायचे ते डॉक्टरला विचारावे, पण विचारावे हे नक्की.

गुडघ्यावर सर्वांत जास्त ज्याचा उपयोग सिद्ध झाला आहे तो उपचार औषधाच्या खिडकीवर मिळत नाही. तो आहे मांडीच्या आणि खुब्याच्या स्नायूंचा नेमलेला, कोणीतरी शिकवलेला व्यायाम, आणि वजन जास्त असल्यास ते उतरवणे. एक किलो वजन उतरले की चालताना प्रत्येक पावलाला गुडघ्यावरचा भार सुमारे चार किलोंनी कमी होतो, असे मोजून दाखवण्यात आले आहे. डेन्मार्कमध्ये २०१३ पासून गुडघ्याच्या आणि खुब्याच्या रुग्णांसाठी एक ठरलेला कार्यक्रम चालतो. आजार समजावून सांगणारी थोडी सत्रे आणि फिजिओथेरपिस्टच्या देखरेखीखाली सहा आठवड्यांत बारा वेळा व्यायाम, एवढाच तो आहे आणि त्याला यंत्रसामग्री जवळजवळ लागत नाही. त्याच देशातील एका संशोधनात, जे २०१५ साली प्रसिद्ध झाले, गुडघा बदलण्याची गरज आहे असे ठरलेल्या शंभर रुग्णांचे दोन गट केले होते. एका गटाची शस्त्रक्रिया करून नंतर व्यायामादी उपचार दिले, दुसऱ्याला फक्त व्यायाम, आहार, समजावणी आणि औषधे दिली. वर्षअखेरीस शस्त्रक्रियेच्या गटाला अधिक आराम होता, हे प्रामाणिकपणे सांगितलेच पाहिजे, पण त्या गटात गंभीर गुंतागुंतीही जास्त झाल्या, आणि दुसऱ्या गटातील सुमारे पाऊणशे टक्के रुग्णांना त्या वर्षात शस्त्रक्रिया करून घ्यावीशी वाटली नाही.

आपल्याकडे व्यायाम सांगण्याची रीत म्हणजे छापील कागद हातात देणे. त्यावर परदेशी बाई सतरंजीवर पाय उचलताना दाखवलेली असते. आमच्या एका जुन्या रुग्णालयात कंत्राटी फिजिओथेरपिस्ट असताना मी तिचे काम पाहिले आहे. गुडघ्याखाली टॉवेलची गुंडाळी ठेवून ती रुग्णाला गुंडाळी खाली दाबायला लावी, मांडीवर स्वतःचा तळवा ठेवून स्नायू खरोखर ताठतो आहे की बाई नुसता श्वास कोंडून बसली आहे हे पाही, मनात पाच अंक मोजायला लावी आणि सैल सोडायला सांगे. पुढच्या खेपेला खुर्चीवरून हाताचा आधार न घेता उठणे, त्याच्या पुढच्या खेपेला एका पायरीवर चढणे-उतरणे. पहिल्या काही दिवसांत दुखणे थोडे वाढते आणि नेमके तेव्हाच रुग्ण सोडून देतो, हे ती आधीच सांगून ठेवी, त्यामुळे बायका टिकत. तिचे कंत्राट संपल्यावर पद रिकामे राहिले. तिच्या खोलीत नंतर लसीकरणाच्या मोहिमेचे खोके ठेवले गेले आणि मेणाचा शेक देण्याचा टब त्यांच्या मागे गेला.

सांध्यातील इंजेक्शनांबद्दल थोडक्यात लिहितो. स्टिरॉइडचे इंजेक्शन सूज असताना काही आठवड्यांचा आराम देते, आणि तेवढ्यात व्यायाम सुरू करता आला तर त्याचा फायदा. ते दर तीन महिन्यांनी दोन वर्षे दिले असता कूर्चा उलट अधिक झिजली, असे अमेरिकेतील २०१७ च्या चाचणीत दिसले. रक्तातील प्लेटलेट काढून गुडघ्यात सोडण्याचा जो महागडा प्रकार, पीआरपी या नावाने, तालुक्याच्या गावापर्यंत आला आहे, त्याची ऑस्ट्रेलियात २८८ रुग्णांवर चाचणी झाली आणि २०२१ साली प्रसिद्ध झालेल्या निष्कर्षानुसार वर्षभरानंतर तो मिठाच्या पाण्याच्या इंजेक्शनापेक्षा सरस ठरला नाही. दुर्बिणीतून गुडघा ‘धुऊन’ घेण्याचेही तेच. २००२ साली अमेरिकेत १८० रुग्णांवर केलेल्या चाचणीत खोटी शस्त्रक्रिया, म्हणजे नुसती कातडीवर चीर देऊन शिवलेली, आणि खरी शस्त्रक्रिया यांच्या परिणामांत फरक आढळला नव्हता. एवढी वर्षे होऊनही रुग्णांना ती सुचवली जाते.

शस्त्रक्रियेला माझा विरोध नाही. गुडघा बदलणे ही फार यशस्वी शस्त्रक्रिया आहे. तत्कालीन पंतप्रधान अटलबिहारी वाजपेयी यांचे दोन्ही गुडघे २००० आणि २००१ साली मुंबईच्या ब्रीच कँडी रुग्णालयात डॉ. चित्तरंजन राणावत यांनी बदलले, तेव्हापासून ती आपल्या घराघरांत ठाऊक झाली. २०१९ साली प्रसिद्ध झालेल्या मोठ्या अभ्यासानुसार बसवलेल्या संपूर्ण गुडघ्यांपैकी सुमारे ८२ टक्के पंचवीस वर्षे टिकतात. योग्य उपचार पुरेसे महिने करूनही झोप लागत नसेल, घरातल्या घरात चालणे अवघड झाले असेल, पाय धनुष्यासारखा वाकत चालला असेल, तर भीतीपोटी वर्षे घालवणेही चुकीचेच आहे, कारण स्नायू फार गळाल्यावर केलेल्या शस्त्रक्रियेचा लाभ कमी होतो. परंतु शस्त्रक्रिया झालेल्या सुमारे पाचांतील एका रुग्णाचे समाधान होत नाही, हेही तितकेच नोंदलेले आहे, आणि नव्या गुडघ्यावर मांडी घालणे व उकिडवे बसणे सहसा जमत नाही किंवा टाळायला सांगतात. देवळात भजनाला बसणाऱ्या आणि जमिनीवर स्वयंपाक करणाऱ्या बाईला हे शस्त्रक्रियेच्या आधी कळायला हवे, नंतर नव्हे.

सरकारने या शस्त्रक्रियेसाठी बरेच केले आहे. ऑगस्ट २०१७ मध्ये केंद्राच्या औषध किंमत प्राधिकरणाने कृत्रिम गुडघ्यांच्या किमतींवर कमाल मर्यादा घातली आणि दीड लाखाच्या पुढे छापील किंमत असलेला नेहमीच्या वापरातील कोबाल्ट-क्रोमियमचा गुडघा, कर वगळून, ५४,७२० रुपयांवर आला. आयुष्मान भारत योजनेच्या पॅकेजांत गुडघा बदलण्याची शस्त्रक्रिया आहे, ऑक्टोबर २०२४ पासून सत्तरी ओलांडलेल्या प्रत्येकाला उत्पन्नाची अट न घालता त्या योजनेत घेतले आहे, आणि आपल्या राज्याच्या महात्मा फुले जन आरोग्य योजनेतही कुटुंबामागे पाच लाखांपर्यंतचे संरक्षण आहे. हे सर्व स्वागतार्ह आहे. पण या योजना रुग्ण खाटेवर दाखल झाला की सुरू होतात. बाह्यरुग्ण विभागातील तपासणी आयुष्मान योजनेत बसत नाही. दाखल होण्याआधीचे तीन दिवस आणि घरी सोडल्यानंतरचे पंधरा दिवस एवढाच आजूबाजूचा खर्च तीत धरला आहे. गुडघा बदलल्यानंतर तो नीट वाकू लागण्यासाठी व्यायाम किती आठवडे लागतो, हे कोणत्याही फिजिओथेरपिस्टला विचारावे. पंधरा दिवसांत ते होत नाही. याचा अर्थ असा की बारा वेळा व्यायाम शिकवून ज्या बाईची शस्त्रक्रिया काही वर्षे पुढे गेली असती किंवा टळली असती, तिच्यासाठी योजनेत एक रुपयाही नाही, आणि तिचा गुडघा बदलायचे ठरले की मोठी रक्कम मंजूर होते. रुग्णालयाने आणि डॉक्टरांनी त्यातून काय धडा घ्यावा अशी आपली अपेक्षा आहे?

यासाठी नवी योजना काढावी असेही नाही. ज्येष्ठ नागरिकांच्या आरोग्यसेवेचा राष्ट्रीय कार्यक्रम २०१०-११ पासून कागदावर आहे. प्राथमिक आरोग्य केंद्रात आठवड्यातून एकदा आणि त्यावरच्या ग्रामीण रुग्णालयात आठवड्यातून दोनदा वृद्धांसाठी वेगळा बाह्यरुग्ण विभाग, जोडीला पुनर्वसनाचे काम करणारा माणूस, आणि जिल्हा रुग्णालयात दहा खाटांचा कक्ष व फिजिओथेरपी, अशी त्याची रचना आहे. ऑगस्ट २०२३ पासून राज्याच्या सार्वजनिक आरोग्य विभागाच्या रुग्णालयांत केसपेपरचेही पैसे घेतले जात नाहीत. म्हणजे दार उघडे आहे, आत माणूस नाही. प्रत्येक उपजिल्हा रुग्णालयात आठवड्यातला एक ठरलेला वार सांध्यांच्या रुग्णांसाठी राखावा, त्या दिवशी जिल्ह्याच्या ठिकाणचा अस्थिरोगतज्ज्ञ यावा, उभ्याने एक्स-रे काढण्याची सूचना कायमची लावावी, आणि फिजिओथेरपिस्टचे पद कंत्राटी न ठेवता भरावे, एवढी माझी मागणी आहे. अस्थिरोगतज्ज्ञ दर आठवड्याला येऊ शकत नसेल तर महिन्यातून एकदा यावा, पण फिजिओथेरपिस्ट रोज हवा. फिजिओथेरपीची महाविद्यालये राज्यात भरपूर आहेत आणि दरवर्षी बाहेर पडणारी मुले-मुली मुंबई-पुण्यात जिममध्ये नोकऱ्या शोधत आहेत, असे त्यांच्याच तोंडून ऐकतो.

मिरजेसारखे वैद्यकासाठी शंभर वर्षांहून अधिक काळ नावाजलेले गाव आमच्या जिल्ह्यात असूनही ही मागणी का, असे कोणी म्हणेल. त्याचे उत्तर एसटीच्या पायरीवर मिळेल. मार्च २०२३ पासून बायकांचे तिकीट अर्धे झाले, पंचाहत्तरी ओलांडलेल्यांना तर ते लागतच नाही, पण पायरी तितकीच उंच आहे. ज्या रुग्णाला ती पायरी चढता येत नाही, त्याने व्यायाम शिकायला आठवड्यातून दोनदा मिरजेला जावे, ही अपेक्षाच चुकीची आहे.

तोवर रुग्णांनी आणि त्यांच्याबरोबर जाणाऱ्या मुला-सुनांनी डॉक्टरसमोर गप्प बसू नये. घेत असलेल्या सर्व गोळ्यांच्या पट्ट्या पिशवीत घालून न्याव्यात. दुखणे नक्की कोणत्या सांध्यातून येते, शस्त्रक्रिया सहा महिने पुढे ढकलली तर काय बिघडेल, आणि तोपर्यंत कोणता व्यायाम कोणाकडून शिकायचा, हे सरळ विचारावे. या प्रश्नांवर रागावणारा डॉक्टर बदलायला हरकत नाही. दुसऱ्या तज्ज्ञाचे मत घेण्यात पहिल्याचा अपमान होतो ही समजूत आपल्याकडे फार घट्ट आहे. गुडघा एकदा कापला की परत जोडता येत नाही, त्यामुळे किमान या बाबतीत ती समजूत सोडावी.

शेवटी आपल्या दैनिकाविषयी. औषधे व जादूटोणायुक्त उपचार यांच्या आक्षेपार्ह जाहिरातींविषयीचा कायदा १९५४ सालचा आहे. ज्या आजारांवर औषधाने उपचाराचा दावा करणारी जाहिरात करता येत नाही, त्यांच्या परिशिष्टात संधिवाताचा स्पष्ट उल्लेख आहे, आणि जाहिरात देणाऱ्याबरोबरच ती प्रसिद्ध करण्यात भाग घेणाराही त्या कायद्याच्या कक्षेत येतो. तेलाच्या आणि काढ्याच्या जाहिराती स्वीकारण्यापूर्वी आपल्या जाहिरात विभागाने हे परिशिष्ट एकदा वाचावे. त्या मोकळ्या झालेल्या जागेत जिल्ह्यातील कोणत्या सरकारी रुग्णालयात अस्थिरोगतज्ज्ञ कोणत्या वारी बसतात, फिजिओथेरपीचा विभाग कोठे सुरू आहे आणि कोठे कुलूप आहे, हे दर सोमवारी छापता येईल. माहिती रुग्णालयाच्या फलकावर असते, आणि फलकावरचा डॉक्टर त्या दिवशी खरोखर आला होता का, हे आपल्या तालुका वार्ताहराला तिथे जाऊन पाहता येईल.

कळावे,
आपला,
एक निवृत्त औषधनिर्माता,
ता. वाळवा, जि. सांगली